आवाज नको, तर तोंडही नाही

घरात तिला भोंगी म्हणायचे आणि सिनेमात चिमणी. दोन्ही नावं मोठ्यांनीच ठेवलेली, तिला कुणी विचारलं नव्हतं. आपण मात्र तिला भोंगीच म्हणू, कारण पुढे जे काही झालं ते भोंगीने केलं. चिमणीच्याने ते झालं नसतं.

आवाज तिला बापाकडून आला होता. बापाचं घराखालीच सायकल दुरुस्तीचं दुकान होतं आणि तो खालून नुसता "चहा" म्हणाला, तरी वरच्या फळीवरची भांडी वाजायची. त्याच्या आईचाही आवाज असाच होता म्हणे. म्हातारी शेजारणीशी भांडायला उभी राहिली की दोन गल्ल्या पलीकडची माणसं मध्यस्थीला धावत यायची. असा हा घोगरा, जाडाभरडा, वाळूवरून बादली ओढल्यासारखा आवाज पिढ्या उतरत उतरत एका आठ वर्षांच्या नाजूक पोरीच्या गळ्यात येऊन बसला. डोळे मोठे, हनुवटी टोकदार, गालावर खळी, आणि तोंड उघडलं की भोंगा. "नाव सोनूबाई अन् हाती कथलाचा वाळा," असं खुद्द तिची आईच म्हणायची. भोंगीला मात्र आपल्या आवाजाचं काडीचंही वाईट वाटत नव्हतं. लपाछपीत तिने एकदा "डाव मोडला" म्हटलं की गल्लीच्या दोन्ही टोकांची पोरं बाहेर यायची. असा आवाज दुसऱ्या कुणाकडे नव्हता, हे तिला पक्कं ठाऊक होतं.

आईचा धाकटा भाऊ, म्हणजे भोंगीचा मामा, सिनेमाच्या स्टुडिओत दिवे लावायच्या कामावर होता. एके दिवशी तिथल्या बालकलाकाराला कांजिण्या आल्या. सेट उभा, नटनट्या रंगून बसलेल्या आणि पोर मात्र घरी अंग खाजवतंय. दिग्दर्शक डोक्याला हात लावून बसला होता. मामा शिडीवरून म्हणाला, "साहेब, आमच्या बहिणीची पोरगी आहे. दिसायला बरी आहे." बोलण्याचं तो काही बोलला नाही. मामा तसा हुशार.

दिग्दर्शकाने कॅमेऱ्यातून भोंगीकडे पाहिलं आणि म्हणाला, "सोनं आहे, सोनं." मग तिला एक वाक्य म्हणायला दिलं. भोंगीने छाती भरून म्हटलं, "आई, तू मला सोडून जाऊ नकोस." ध्वनिमुद्रण करणाऱ्याने कानावरचा हेडफोन झटकन काढला. शिडीवरचे दिवेवाले हसले. दिग्दर्शकाने हातातला अर्धा चहा कुठेतरी ठेवला (तो नेहमीच अर्धा चहा पिऊन कप हरवायचा) आणि जरा विचार करून म्हणाला, "चेहरा तेवढा घेऊ. आवाजाचं नंतर बघू."

त्या धंद्याची एक रीत होती. सेटवर कोण काय बोलतं याला फारसा अर्थ नसायचा. बोलणं सगळं नंतर, एका बंद खोलीत, पडद्यावरचे ओठ बघून भरायचं. त्यामुळे लहान पोरांना वाक्यं पाठ झाली नाहीत तरी कुणाचं अडत नसे. त्यांना नुसते आकडे म्हणायला लावायचे. ओठ हलले म्हणजे झालं. पण भोंगीने रात्रभर घोकून स्वतःची वाक्यं पाठ केली होती. एवढंच नाही, आईची, डॉक्टरची आणि दारात येऊन जाणाऱ्या पोस्टमनचीसुद्धा.

"ते सगळं राहू दे, बाळ," दिग्दर्शक म्हणाला. "पाढे येतात का?"

"सातपर्यंत येतात."

"मग सातचाच म्हण. जरा रडत रडत."

म्हणून मग भोंगी मरणाऱ्या आईच्या पलंगाशी गुडघे टेकून सातचा पाढा म्हणायला लागली. सात एके सात, सात दुणे चौदा. सात आठेपर्यंत गाडी आली आणि अडली. काही केल्या आठवेना. सगळे दिवे अंगावर, पन्नास माणसं टक लावून बघतायत आणि शाळेत चुकल्यावर बसते तशी तिची पाचावर धारण बसली. डोळ्यांत टचकन पाणी आलं. तेव्हा पलंगावरची मरणारी आई, डोळे मिटलेलेच ठेवून, ओठ न हलवता पुटपुटली, "छप्पन्न." भोंगीचा चेहरा उजळला आणि पाढा पुढे गेला. सेटवर बायाबापड्या पदराने डोळे पुसत होत्या. पुढे एका वर्तमानपत्राने लिहिलं की मृत्यूच्या दारातल्या आईकडे पाहताना त्या चिमुरडीच्या डोळ्यांत जी आशा क्षणभर चमकून जाते, तिला तोड नाही. ते लिहिणाऱ्याला कुणी छप्पन्नची गोष्ट सांगितली नाही.

सिनेमा लागला. भोंगी नवीन फ्रॉक घालून आईबापाच्या मधे बसली. पडद्यावर तिचं तोंड उघडलं आणि आतून भलतंच कुणीतरी बोललं. मधात बुडवून काढलेला, चिवचिवणारा, लाडीक आवाज. "आई गं, तू मला शोडून जाऊ नकोश ना." शोडून. नकोश. भोंगी बोबडी कधीच नव्हती. ती दोन वर्षांची असतानासुद्धा भाजीवाल्याला दटावल्यासारखं स्वच्छ बोलायची. तिच्या तळपायाची आग मस्तकाला गेली. ती खुर्चीवर उभी राहिली आणि म्हणाली, "मी हे बोललेच नाही."

मागून एक बाई ओल्या आवाजात खेकसल्या, "कोण आहे ते. खाली बसा. ती पोर काय म्हणतेय ते ऐकू द्या की."

आईने तिला खाली ओढलं. सगळं थिएटर हुंदके देत होतं आणि जिच्यासाठी देत होतं तिला गप्प बसवत होतं. भोंगीही रडली, पण रागाने. घरी जाताना आईला वाटलं, आपलंच काम बघून पोरीला गहिवरून आलं.

मग सुरू झाला घसा बसल्याचा काळ. दुकानांच्या उद्घाटनाला, शाळांच्या संमेलनाला, कुठेकुठे चिमणीला बोलावणी यायला लागली. आईने बजावून ठेवलं होतं, फक्त हसायचं आणि हात हलवायचा. कुणी "दोन शब्द बोल ना बाळ" म्हणालं की आई पुढे सरकायची. "घसा बसलाय हो तिचा. शूटिंगचा ताण." लोक हळहळायचे. बायका काढे सांगायच्या, एका वैद्याने तर घरी येऊन औषध दिलं. ते इतकं कडू होतं की भोंगीने तीन शिव्या एका दमात हासडल्या आणि वैद्य म्हणाला, "बघा, लगेच गुण आला." वर्षभर त्या पोरीचा घसा बसलेला होता आणि एकाही माणसाला त्यात काही वावगं वाटलं नाही.

शाळेत वेगळीच तऱ्हा. मधल्या सुट्टीत मुलींनी तिला घेरलं. "ते वाक्य म्हणून दाखव." तिने म्हणून दाखवलं. मुली एकमेकींकडे बघून फिदीफिदी हसल्या. "खोटारडी. ती तू नाहीसच. ती तुझ्यासारखी दिसणारी दुसरी कुणीतरी आहे." यावर भोंगीने जी पहिली वेणी हाती लागली ती ओढली. शिक्षा झाली. पण शिक्षेचं तिला काही नव्हतं. तिला लागलं ते हे, की मुलींचं बोलणं अगदीच खोटं नव्हतं.

दुसरा सिनेमा आला तेव्हा तिने ठरवलं, आकडे तरी म्हणायचे नाहीत. मनात येईल ते बोलायचं. त्यात ती परदेशी निघालेल्या बापाला निरोप देते, असा प्रसंग होता. वारा दाखवायला एक अगडबंब पंखा लावला होता, त्याच्या घरघरीत कुणाचं कुणाला ऐकू जात नव्हतं. भोंगीने नायकाचा हात हातात घेतला, डोळ्यांत डोळे घातले आणि माया ओतून म्हणाली, "काका, तुमचा टोप मागून सुटलाय. आणि तुम्ही कांदा खाऊन आलाय." नायकाला वाटलं, पोरगी पाढे म्हणतेय. त्याने तिला कवटाळलं.

दोन महिन्यांनी आवाज भरायच्या खोलीतून निरोप आला, मुलीला घेऊन ताबडतोब या. वाक्य बसत नव्हतं. लिहिलेलं होतं "बाबा, लवकर या," आणि पडद्यावर पोरीचे ओठ काही थांबायला तयार नव्हते.

खोली लहान, भिंतींना जाड कापड, समोर पडदा आणि काचेपलीकडे यंत्रं. मधे एका उंच स्टुलावर एक बाई बसल्या होत्या. पन्नाशीच्या, अंगाने भरदार, गुडघ्याला पट्टा बांधलेला, हातात गरम पाण्याचा थर्मास. दिग्दर्शक भोंगीवर आणि तिच्या आईवर तोंडसुख घेत होता तेव्हा त्या बाई शांतपणे पाणी पीत होत्या. तो दमून बाहेर गेल्यावर त्या म्हणाल्या, "टोप सुटला होता हे खरं. कांद्याचं मला कुठून दिसणार म्हणा."

भोंगी चपापली. "तुम्हाला कसं कळलं?"

"बावीस वर्षं पोरांचे ओठ वाचतेय, बाळा. नको ते सगळं कळतं." आणि मग त्यांनी माइकजवळ तोंड नेलं आणि त्या एवढ्या थोरल्या देहातून तो आवाज निघाला. तोच, मधाळ, बोबडा. "बाबा, लवकल या ना."

भोंगीच्या अंगावर काटा आला. हीच ती. गेलं वर्षभर रात्री अंथरुणात पडून जिचा गळा दाबायचे बेत तिने केले होते ती ही. पण समोर एक थकलेली मावशी बसली होती आणि तिचे गुडघे दुखत होते. बेत होते तिथेच राहिले, राग मात्र राहिला. ती म्हणाली, "मावशी, माझ्या तोंडातून तुम्ही बोलू नका. माझा आवाज मला परत द्या."

"अगं, माझ्याकडे कुठे आहे तुझा आवाज? माझ्याकडे माझा आहे. तुझा तुझ्याजवळच आहे, फक्त तो कुणाला नकोय." बाईंनी थर्मासचं झाकण लावलं. "आणि खरं सांगू? तू बोलायला लागलीस तर माझ्या पोटावर पाय येतो. तेव्हा माझ्याकडून मदतीची आशा करू नकोस. मी काही देवमाणूस नाही."

निदान ही बाई सरळ बोलली. बाकी सगळे गोड बोलायचे आणि करायचे ते करायचे. परतीच्या वाटेवर आई चिडून म्हणत होती, उचलली जीभ लावली टाळ्याला, तुझ्यापायी तोंड दाखवायची सोय राहिली नाही. कुणाला नकोय, हे शब्द भोंगीच्या डोक्यात ठाण मांडून बसले होते. आवाज नकोय, चेहरा हवाय. म्हणजे दुकानात जाऊन सायकल घ्यायची आणि घंटी तेवढी परत करायची. तिचा बाप असलं गिऱ्हाईक दुकानात उभं करत नसे.

तिसऱ्या सिनेमाच्या पहिल्याच दिवशी तिने तोंड मिटलं.

दिवे लागले, कॅमेरा सुरू झाला, भोंगी जिथे रडायचं तिथे रडली, जिथे वळायचं तिथे वळली. फक्त ओठ उघडले नाहीत. दिग्दर्शकाने पुन्हा घेतलं. पुन्हा तेच. त्याने चॉकलेट दिलं. तिने खाल्लं आणि तोंड पुसून पुन्हा मिटलं. निर्मात्याने दमदाटी केली. आईने आडोशाला नेऊन एक ठेवून दिली. गाल लाल झाला तर रंगवाल्याने तो पावडर फासून गोरा केला, पण ओठ काही हलले नाहीत. शेवटी बापाला बोलावलं. तो तेलाने काळे झालेले हात घेऊनच आला, त्याने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "बोल की गं." दोन दिवे थरथरले. सगळं युनिट दचकून त्याच्याकडे बघायला लागलं. दिग्दर्शक स्वतःशी म्हणाला, "अच्छा, हे घरातलंच आहे तर."

मग भोंगी बोलली. "मी वाक्यं म्हणायला तयार आहे. सगळी पाठ आहेत. आकडे म्हणणार नाही. आणि मी बोलेन ते तसंच ठेवायचं. आवाज नको, तर तोंडही नाही."

बाप हसला. एवढा मनापासून हसला की आईने त्याच्याकडे डोळे वटारले. "पोरगी रास्त बोलतेय," तो म्हणाला, आणि दुकान उघडं टाकून आलोय म्हणत निघून गेला. जाताना त्याने भोंगीच्या डोक्यावर हात ठेवला. केसांना तेल लागलं आणि केशभूषावालीने कपाळ बडवून घेतलं.

आपण जिंकलो, असं भोंगीला वाटलं. वाटलं तेवढाच वेळ. कोपऱ्यात लेखक म्हणून एक गृहस्थ बसलेला असे. सिगरेट विझवत तो म्हणाला, "साहेब, मग पोरगी मुकीच करू ना. खून पाहिलेली एकमेव साक्षीदार, आणि ती मुकी. कोर्टात काय सांगणार? प्रेक्षक रडून रडून मरेल."

दिग्दर्शकाने त्याला मिठी मारली. निर्मात्याने चहा मागवला. संध्याकाळपर्यंत गोष्ट नवीन बेतली गेली आणि भोंगी जन्मतः मुकी झाली. आईचा तर जीव भांड्यात पडला. ती म्हणाली, "बरंच झालं. आता कुणाला घसा बसलाय म्हणून सांगायलाही नको."

भोंगीला काय वाटलं ते सांगायला हवं. तिच्याकडे एकच हत्यार होतं, ते तिने उपसलं आणि समोरच्यांनी ते हातातून काढून घेऊन त्यानेच भाजी चिरली. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हाच. आधी निदान तिच्या तोंडून कुणीतरी बोलत होतं, आता कुणीच बोलणार नव्हतं. आणि सगळे तिला शाबासकी देत होते. काय काम करते पोर, एक शब्द न बोलता. डोळे बघा, डोळे. भोंगी मूग गिळून काम करत राहिली. रात्री ती बापाला म्हणाली, "मला यांचा खूप राग येतो." बाप चाकाच्या तारा ताणत होता. म्हणाला, "येऊ दे. पण नुसता राग येऊन पंक्चर निघत नाही. छिद्र कुठे आहे ते शोधायला लागतं."

छिद्र तिला मामाच्या बोलण्यात सापडलं.

शेवटी शेवटी एका मोकळ्या माळावर लाकडाचं अख्खं घर उभारलं होतं. खलनायक ते पेटवतो, आतून मुकी पोर धावत बाहेर येते, खलनायकासमोर थांबते आणि नुसतं बोट दाखवते. तीन कॅमेरे लावले होते. आगीचा बंब उभा होता. मामा तारा ओढत होता, भोंगी त्याच्या मागे मागे फिरत होती.

"मामा, शॉट चुकला तर हे घर पुन्हा बांधणार का?"

"वेडी की खुळी? सुतार दीड महिना खपलेत इथे. एकदा जळलं की जळलं. म्हणून तर साहेब सकाळपासून नखं खातोय."

"म्हणजे पुन्हा घेणार नाहीत."

"घेणार कशात? राखेत?" मामा म्हणाला आणि मग थांबून त्याने भाचीकडे पाहिलं. ती आईसारखी दिसायची, पण त्या घडीला तिची जिवणी हुबेहूब तिच्या बापाची होती. मामाला काय समजायचं ते समजलं असावं. शिडीवर चढून त्याने एक दिवा थोडा वळवला, असा की उजेड नेमका तिच्या तोंडावर पडावा.

घर पेटलं. भोंगी काजळी फासलेल्या चेहऱ्याने, फाटक्या कपड्यांत दारातून बाहेर धावली. पाठीला धग लागत होती, ती खरीच होती. ठरल्या जागी ती थांबली. बोट वर केलं. आणि मग तोंड उघडलं, चांगलं मोठं, तिन्ही कॅमेऱ्यांना दिसेल असं, आणि तिच्या आजीच्या भांडणाच्या आवाजात ती बोलली.

"मी मुकी नाही. मला बोलता येतं. मी सगळं बघितलंय आणि मी सगळं सांगणार."

खलनायक खरोखर दोन पावलं मागे सरला. त्या माणसाने आयुष्यात केलेला हा सगळ्यात अस्सल अभिनय असेल. दिग्दर्शक ओरडत होता, पण काय ते आगीत ऐकू येत नव्हतं. बंबवाले पाइप धरून उभेच राहिले. घर धडाधडा जळून खाली बसलं आणि भोंगी त्याच्यासमोर, हात कमरेवर ठेवून, पुढे कोण काय करतंय याची वाट बघत उभी होती. तिला भीती वाटत होती, पण कितीतरी दिवसांनी छातीतलं ओझंही उतरलं होतं.

त्यानंतर जे रामायण झालं ते सगळं सांगत बसत नाही. निर्माता म्हणाला, सुंभ जळाला तरी पीळ जायचा नाही, अशी ही कार्टी. आईने आठ दिवस अबोला धरला, म्हणजे आता घरात मुकं राहायची पाळी तिची आली. कुणी म्हणालं, तेवढा तुकडा कापून तिथे नुसती आग दाखवा, पोरगी पाठमोरी दाखवा. पण पाठमोरा एक तुकडाही नव्हता; तिन्ही कॅमेरे तिच्या तोंडावर होते, कारण डोळे बघा, डोळे. शेवटी लेखकाने दुसरी सिगरेट विझवली आणि गोष्ट पुन्हा फिरवली. आग शेवटी नेली. धक्क्याने वाचा गेलेली पोर, धक्क्यानेच परत बोलायला लागते. "प्रेक्षक रडून रडून मरेल," तो म्हणाला. त्याचा प्रेक्षक काहीही केलं तरी मरायचाच.

आणि आवाज? आवाज मावशीच देणार होत्या. त्यात कुणाला शंकाच नव्हती.

भोंगीला त्या दिवशी खोलीत बोलावलं होतं ते ओठ नेमके काय बोलले याची खात्री करून घ्यायला. पडद्यावर घर पेटलं. काजळीतली पोर तोंड फाडून ओरडत होती. मावशींनी माइक जवळ ओढला आणि मधाळ स्वरात म्हटलं, "मी मुकी नाही ना." काचेपलीकडे यंत्रावर बसलेला माणूस फसकन हसला. दिग्दर्शक म्हणाला, पुन्हा. मावशींनी जोर लावला. आता तो आवाज एखादी गोड पोर मांजरावर रुसल्यासारखा वाटला. पुन्हा. पुन्हा. भोंगी भिंतीला टेकून बघत होती. मावशींना एकदा तरी साधेल आणि मग सगळं संपेल, अशी तिला भीती होती.

मावशींनी हेडफोन काढून मांडीवर ठेवला. "साहेब, पोरीच्या मानेच्या शिरा बघा. दोरखंडासारख्या ताणल्यात. एवढ्या शिरा ताणून असा आवाज निघत नसतो. माझ्याच्याने हे व्हायचं नाही."

"मग काय करायचं?"

"करायचं काय. जिच्या शिरा, तिलाच उभी करा." त्या कण्हत स्टुलावरून उतरल्या. भोंगीपाशी येऊन त्यांनी खालच्या आवाजात सांगितलं, आणि तो त्यांचा स्वतःचा, साधा, थोडा बसका आवाज होता, "तुझ्यावर उपकार करत नाही हां. मला खोटं बोलता येतं, पण वाईट काम करता येत नाही. आणि एक ध्यानात ठेव, हा आवाज एकदा लोकांनी ऐकला की पुन्हा तुला कुणी घेणार नाही."

"माहीत आहे," भोंगी म्हणाली.

"माहीत कसलं, नऊ वर्षांची तू."

"माहीत आहे," भोंगी पुन्हा म्हणाली आणि स्टुलावर चढली. हेडफोन तिच्या डोक्यावर मावेना, तो मावशींनी हाताने धरून ठेवला. दिग्दर्शक म्हणाला, जरा नाजूक बोल. तिने मोठ्याने म्हटलं. तो म्हणाला, अगं, हळू. तिने आणखी मोठ्याने म्हटलं. यंत्राचा काटा लालमध्ये जाऊन आपटला. दिग्दर्शकाने तिसऱ्यांदा काही सांगायला तोंड उघडलं आणि मग, का कोण जाणे, मिटलं. हातातला चहा त्याने पहिल्यांदाच पूर्ण प्यायला.

सिनेमा लागला. काही लोक हसले, बरेच दचकले, एका वर्तमानपत्राने लिहिलं की आवाज अतिशय कर्कश असून मुद्रणात काही बिघाड असावा. थिएटरात ते वाक्य आलं तेव्हा भोंगीने आजूबाजूला बघितलं नाही. ती फक्त पडद्याकडे बघत होती. पडद्याएवढ्या मोठ्या तोंडातून तिचाच आवाज येत होता, तिच्या बापाचा, आजीचा, आणि भिंती थरथरत होत्या. बाप शेजारी बसून नाक शिंकरत होता. आईने भोंगीचा हात धरला होता, तो तिने शेवटपर्यंत सोडला नाही. तिच्या मनात काय होतं हे भोंगीला कळलं नाही.

बोलावणी थांबली. उद्घाटनं थांबली. आई फोनजवळ शिवणकाम घेऊन बसायची, उगीचच. मावशी म्हणाल्या तसंच झालं.

पुष्कळ दिवसांनी फोन वाजला. दुसरा कुणी मोठा निर्माता होता. आई ताठ उभी राहून ऐकत होती, हो हो करत होती. चेहरा तोच हवा होता. भूमिका मोठी होती. आवाजाचं अजिबात मनावर घेऊ नका, ते आम्ही बघून घेऊ, चांगली गोड बाई आहे आमच्याकडे. आईने रिसीव्हर छातीशी धरला. आजवर तिची दोन नावं ठेवली गेली होती, तीन सिनेमे झाले होते, आणि एकदाही कुणी त्या पोरीला काही विचारलं नव्हतं.

"काय सांगू?" आईने विचारलं.

भोंगीने हात पुढे केला. आई क्षणभर थांबली आणि तिने रिसीव्हर तिच्या हातात दिला.

"नाही," भोंगी फोनमध्ये म्हणाली.

पलीकडचा गृहस्थ गडबडला. "कोण, मुलीचे वडील का? नमस्कार, नमस्कार. अहो, ऐकून तर घ्या. जरा तुमच्या मुलीला तरी विचारा."

"मुलगीच बोलतेय," भोंगी म्हणाली, आणि तिला आणखी काय काय बोलायचं होतं ते सगळं बोलून होईपर्यंत तिने फोन ठेवला नाही.